पहिला नको

मल्हार बंडगर पहिल्या विचारण्याला कधी हो म्हणाला नाही. चहा विचारा, नको. जेवायला बसा म्हणा, आत्ताच खाऊन आलोय. लग्नात सासऱ्याने अंगठी पुढे केली तेव्हा तीसुद्धा त्याने आधी मागे सारली होती, आणि सासऱ्याने ती बळेच बोटात घातल्यावर मग तो रीतसर लाजला होता. यात ढोंग नव्हतं. आटपाडीकडे त्याच्या गावात सगळेच असे. पाहुण्याने नको म्हणायचं, घरच्याने असं कसं म्हणायचं, पाहुण्याने पुन्हा थोडं मागे सरायचं आणि मग सगळ्यांनी मिळून जेवायचं. पहिल्याच हाकेला जो ताटावर बसतो त्याच्याबद्दल बायका मागाहून चुलीपाशी जे बोलतात ते त्याने ऐकलं, तर पुढच्या वेळी तो उपाशी परत जाईल.

ही रीत घेऊनच मल्हार सरकारी नोकरीत आला आणि तिथेही इतकी वर्षं काही बिघडलं नाही. जनावरांच्या दवाखान्यात तो पर्यवेक्षक होता. डॉक्टरच्या हाताखाली लसी टोचायच्या, अडलेली गाय सोडवायची, वाड्यावस्त्यांवर फिरून मेंढ्यांना जंताचं औषध पाजायचं. शेतकरी दुधाचा पेला पुढे करायचे, हा नको म्हणायचा, ते पेला हातात कोंबायचे. घोळ झाला तो सांगलीच्या मीटिंगमध्ये.

भंडाऱ्याकडून बदलून आलेले टेंभुर्णे साहेब माणूस म्हणून चांगले होते. बोलणं सरळ, काम सरळ. वरच्या जागांसाठी नावं पाठवायच्या आधी ज्याला त्याला तोंडावर विचारून घ्यायचं, म्हणजे नंतर कटकट नको, अशी त्यांनी पद्धत पाडली होती. भरल्या मीटिंगमध्ये त्यांनी मान वर केली आणि म्हणाले, "बंडगर, खंडाळ्याला सहायक अधिकाऱ्याची जागा आहे. यादीत तुम्ही वर आहात. प्रमोशनवर जाता का?"

मल्हारची निवृत्ती आता हाकेच्या अंतरावर आली होती. गावी म्हातारा बाप, अर्जुना, अजून दर फोनला विचारायचा, "झालास का रं सायेब?" त्या माणसाने हयातभर मेंढरं राखली होती, आणि दवाखान्यात गेला की अधिकाऱ्याच्या खोलीबाहेर वहाणा काढून ताटकळला होता. त्या खोलीतल्या खुर्चीत आपलं पोरगं बसलेलं असावं, एवढी एकच गोष्ट त्याने मल्हारकडे मागितली होती. मल्हार उभा राहिला, हात जोडले आणि म्हणाला, "नको साहेब. माझं हाय ते बरं हाय."

आणि वाट बघत उभा राहिला. आता साहेब म्हणणार, अहो असं कसं, तुमचा हक्क आहे. मग आपण म्हणायचं, आता तुमीच म्हणताय तर. हे वाक्य त्याच्या जिभेवर तयार होतं.

साहेब म्हणाले, "ठीक आहे," आणि शेजारी बघितलं. "मगदूम, मग तुम्ही?"

शेजारी धन्यकुमार मगदूम बसला होता. नोकरीच्या पहिल्या दिवसापासूनचा दोस्त, यादीत मल्हारच्या खालोखाल. दोघांनी लग्नाआधी एका खोलीत संसार केला होता. धन्यकुमार जैन, दिवस बुडायच्या आत जेवणारा, म्हणून त्या काळात मल्हारही दिवसाउजेडी जेवून घ्यायचा. धन्यकुमारने टेबलाकडे बघत उत्तर दिलं, "चालंल, साहेब."

मीटिंग सुटल्यावर दोघे खाली टपरीवर चहा प्यायले. एरवी बडबड्या धन्यकुमार गप्प होता. मल्हारही गप्प होता, पण त्याचं कारण वेगळं होतं. त्याला अजून वाटत होतं की साहेब पुन्हा विचारतील. एवढी मोठी गोष्ट एकदाच विचारून कोण सोडून देतं?

पुढे ऑर्डर आली आणि धन्यकुमार खंडाळ्याला गेला.

कुपवाडच्या घरी रंगुबाईने नवऱ्याला ही हकीकत पुन्हा पहिल्यापासून सांगायला लावली. तिला नवऱ्याचा स्वभाव पाठ होता, साहेब लोकांचा नव्हता.

"तुमी नको म्हणालासा, ते ठीक हाय," ती म्हणाली. "पर त्यांनी ऐकलं कसं?"

"ऐकलं म्हंजे, ठीक हाय म्हणालं."

"दुसऱ्यांदा इचारलंच न्हाई?"

"न्हाई."

रंगुबाई भाजी निवडत बसली होती, तिचे हात थांबले. "आवं, मग ही काय रीत झाली व्हय? कोर्टात जावा."

मल्हारच्या डोक्यात रात्रंदिवस तेच घोळायला लागलं. राग तर आला होता, पण तो ठेवायचा कुणावर? साहेबांवर म्हणावं तर त्यांनी चारचौघांत विचारलं होतं. धन्यकुमारवर म्हणावं तर त्याला विचारलं आणि तो हो म्हणाला, त्यात त्याचं काय चुकलं. स्वतःवर म्हणावं तर मल्हारने जन्मभर जे केलं तेच त्या दिवशीही केलं होतं. अन्याय झालाय एवढं पक्कं होतं. कुणी केलाय, हे काही केल्या सापडत नव्हतं. त्याने खात्याला दोनदा अर्ज केला. खात्याने कळवलं की आपण स्वतः नकार दिल्यामुळे आपला विचार झाला नाही. ते वाचून तो आणखीच गोंधळला, कारण त्यात खोटं असं काही नव्हतं.

साताऱ्यात अपेक्षा नावाची वकील होती, नोकरीची प्रकरणं चालवणारी. मूळची रहिमतपूरची. मल्हार तिकडे नेमणुकीला असताना तिच्या वडिलांची म्हैस त्याने मरता मरता वाचवली होती, त्यामुळे ती त्याला काका म्हणायची आणि फीचा विषय निघाला की दुसरंच काहीतरी बोलायची.

"काका, तुम्ही नकार दिला होता का?" तिने पहिला प्रश्न केला.

"न्हाई."

"म्हणजे नको असं म्हणालाच नाहीत?"

"नको म्हणालो की."

अपेक्षाने पेन खाली ठेवलं. "मग नकार म्हणजे दुसरं काय असतं?"

"तिसऱ्यांदाबी नको म्हणायचं, तो नकार," मल्हार म्हणाला. "पहिला नको काय, आपला रीतीचा."

अपेक्षा हसली. तिच्या घरीही पाहुणे असेच जेवत होते. पण हसून झाल्यावर तिने कपाळावर हात ठेवला. "हे मला कळतंय हो. न्यायाधिकरणात कसं सांगू? तिथे नको म्हणजे नकोच असतं." मग तिने विचारलं, "लिहून दिलंय का कुठे?"

"लिहून न्हाई."

"मग आपण एवढंच म्हणू, की अर्जदाराने लेखी नकार कधीही दिलेला नाही. पदोन्नती सोडायची तर लेखी सोडावी लागते. तोंडी बोलण्याला किंमत नाही."

मल्हारने मान हलवली, पण त्याला ते बरोबर वाटेना. आपण तोंडाने बोललेल्या शब्दाला किंमत नाही, असं आजवर त्याला कुणी म्हटलं नव्हतं. आणि आता त्याच्याच बाजूची वकील ते म्हणत होती, त्याच्याच भल्यासाठी.

"आणखी एक," अपेक्षा म्हणाली. "मगदूमांना प्रतिवादी करावं लागेल. त्यांच्यावर नोटीस जाईल."

"त्याच्यावर कशाला? त्यानं काय केलंय?"

"काही केलेलं नाही. पण तुमची जागा त्यांच्याकडे आहे. त्यांचं म्हणणं ऐकल्याशिवाय ती काढून घेता येत नाही. आणि काका, मीटिंगमध्ये तुमच्या शेजारी तेच होते. खातं त्यांच्याकडून प्रतिज्ञापत्र घेईल. बंडगर मनापासूनच नाही म्हणाले, असं त्यांनी शपथेवर सांगितलं तर आपलं अवघड आहे."

नोटीस टपालाने दारात जाऊन पडावी हे काही मल्हारला पटेना. आपल्या तोंडाने सांगावं म्हणून एका रविवारी, धन्यकुमार सुट्टीला घरी आलेला असताना, तो त्याच्या गावी गेला. सांगलीपासून जवळच, कृष्णाकाठी. ऊन उतरायच्या बेतात होतं आणि त्रिशलावहिनींच्या भाकऱ्या चालल्या होत्या.

"भावजी, बसा जेवाय."

"नको वैनी, खाऊन आलोय."

"कुपवाडातनं हितं येईस्तवर जिरलं असंल. बसा."

तो थोडा मागे सरला, मग बसला. मटकीची उसळ, शेंगाची चटणी, दही. एक भाकरी संपली तशी त्याने सवयीने हात ताटावर आडवा धरला. धन्यकुमारने तितक्याच सवयीने त्याच्या बोटांच्या फटीतून दुसरी भाकरी सरकवली. ही त्यांची खोलीवर राहत होते तेव्हापासूनची झटापट. मल्हारने हात धरायचा, धन्यकुमारने वाट काढायची. कधी कधी भाकरी मोडायची, आमटी मनगटावर सांडायची, पण मल्हार अर्धपोटी उठला असं कधी झालं नव्हतं.

जेवण झाल्यावर दोघे अंगणात बसले. मल्हारने विषय काढायला फार वेळ लावला. पाऊसपाणी झालं, उसाचं झालं, टेंभुर्णे साहेबांच्या गुडघ्याचं झालं. शेवटी तो म्हणाला, "गड्या, मी कोर्टात चाललोय. तुझं नाव घालाय लागतंय म्हणं."

"घाल की," धन्यकुमार म्हणाला.

मल्हार थांबला. त्याला वाटलं होतं, धन्यकुमार म्हणेल, कशाला रं, ऱ्हाऊ दे. मग आपण म्हणू, बरं ऱ्हायलं. मग तो म्हणेल, न्हाई न्हाई, तुझा हक्क हाय, जा. असं दोनदा इकडून तिकडून झालं की दोघांची मनं मोकळी होतील. पण धन्यकुमारने पहिल्याच झटक्यात होकार दिला होता. तो मनापासून बोलला की रागाने, हे मल्हारला काही उमजेना.

"तुला राग न्हाई ना?" त्याने विचारलं.

"राग कशाचा. जे हाय ते हाय." धन्यकुमार उठला आणि गोठ्याकडे गेला.

प्रकरण दाखल झालं आणि तारखांवर तारखा पडत गेल्या. धन्यकुमारचा फोन कमी झाला, मग बंदच झाला. मल्हारने दोन वेळा केला तेव्हा "कामात हाय" एवढंच उत्तर आलं. नोटीस मिळाली म्हणून राग आला असेल का? की तो कुणा वकिलाच्या सांगण्यावरून बोलत नसेल? की खंडाळ्यात खरंच काम असेल? अर्जुना फोनवर विचारायचा तसाच विचारत होता. त्याला केस, प्रतिवादी हे काही कळत नव्हतं. एकदा मल्हारने सगळं समजावून सांगितलं, तर म्हातारा म्हणाला, "म्हंजे तुझी खुर्ची आपल्या धन्यानं घेतली?" मल्हार घाईने म्हणाला, "तसं न्हाई दादा." पण मग कसं, हे त्याला सांगता आलं नाही.

सुनावणी मुंबईत होती, पण अपेक्षा ती साताऱ्यातल्या ऑफिसातून कॉम्प्युटरवर चालवणार होती. मल्हार तिच्या मागच्या खुर्चीवर बसला. पडद्यावर चौकोनाचौकोनांत माणसं दिसत होती, त्यातल्या एका चौकोनात न्यायाधिकरणाचे सदस्य. सरकारी वकील म्हणाले की अर्जदाराने भरल्या मीटिंगमध्ये पदोन्नती नाकारली आणि आता पश्चात्ताप होतोय म्हणून आले आहेत. शेजारी बसलेल्या प्रतिवादीचं प्रतिज्ञापत्र सोबत जोडलंय.

धन्यकुमारने त्यात काय लिहिलंय हे अपेक्षाने आदल्या संध्याकाळीच वाचलं होतं, पण मल्हारला तिने मुद्दाम सांगितलं नव्हतं. आता तिने ते सदस्यांना वाचून दाखवलं.

"बंडगर नको म्हणाले हे खरं आहे. ते मी माझ्या कानांनी ऐकलं. परंतु बंडगर पहिल्या विचारण्याला नकोच म्हणतात, हे मला आमच्या नोकरीच्या सुरुवातीपासून माहीत आहे. आमच्या भागात त्याला नकार धरत नाहीत. त्यांना पुन्हा विचारलं असतं तर ते हो म्हणाले असते, याबद्दल माझ्या मनात शंका नाही."

मग सदस्यांनी सरकारी वकिलांना विचारलं, "हे तुम्ही जोडलंय?" वकील म्हणाले, जोडलंय खरं. "वाचलं होतं का?" वकील पानं उलटायला लागले. लेखी नकार आहे का, असं विचारल्यावर नाही म्हणाले.

निकाल मल्हारच्या बाजूने लागला. तोंडी बोलणं हा नकार धरता येत नाही, अर्जदाराला त्याच्या जागेवर नेमा. धन्यकुमारची पदोन्नती रद्द.

अपेक्षाने पेढे मागवले. मल्हारने नको म्हटलं, तिने तोंडात कोंबला. पेढा गिळता गिळता त्याने विचारलं, "धन्यानं तसं लिहिलं नसतं, तर हरलो असतो का?"

"सांगता येत नाही," अपेक्षा म्हणाली. "निकाल लागला तो लेखी नकार नाही म्हणून. त्यांनी लिहिलं नसतं तरी कदाचित लागला असता."

म्हणजे धन्यकुमारने आपली जागा घालवली ती मल्हारसाठी घालवली, की उगीचच घालवली, हेही धड कळलं नाही. मल्हार एसटीत बसून सांगलीला येईपर्यंत त्याचाच विचार करत होता. आनंद व्हायला हवा होता, आणि झालाही होता, पण तो मोकळेपणाने घेता येत नव्हता.

ऑर्डर द्यायला टेंभुर्णे साहेबांनी त्याला बोलावलं. तेही आता शहाणे झाले होते. "बंडगर, घेताय ना? हे बघा, मी तीनदा विचारायला तयार आहे."

मल्हारच्या तोंडातून 'नको'तला न बाहेर पडायलाच आला होता. त्याने तो दाबला आणि म्हणाला, "घेतो." पहिल्याच विचारण्याला. बाहेर आल्यावर त्याला इतकं चोरट्यासारखं वाटलं की कुणी ऐकलं तर नाही म्हणून त्याने मागे वळून बघितलं.

खंडाळ्यात चार्ज द्यायला धन्यकुमारच होता. त्याने कपाटाच्या किल्ल्या दिल्या, शिक्का दिला, लसींच्या फ्रिजचं दार नीट बसत नाही ते दाखवलं, कुठल्या गावचा सरपंच उगीच भांडतो तेही सांगितलं. सगळं नीट, न रागावता, जसं कुठल्याही माणसाला सांगावं तसं. मग त्याने स्वतःची पाण्याची बाटली टेबलावरून उचलली आणि खुर्ची मोकळी केली. मल्हार खुर्चीत बसला आणि बापाला फोन लावला. "दादा, बसलो," एवढंच म्हणाला. मग अर्जुना म्हणाला, "लय ब्येस झालं." आणि रडायला लागला, म्हणून मल्हारने फोन ठेवला.

दुपारी दोघे त्याच खोलीत जेवायला बसले. त्रिशलावहिनींनी डब्यात दोघांपुरतं दिलं होतं. त्या स्वतः मात्र खंडाळ्यातल्या बिऱ्हाडाचं सामान बांधायचंय म्हणून इकडे फिरकल्या नव्हत्या. ऑफिसातल्या ताटल्यांत धन्यकुमारने वाढलं. मटकीची उसळ, चटणी, दही, एकेक भाकरी.

"एक इचारू?" मल्हार म्हणाला.

"इचार."

"त्या दिवशी मीटिंगमधी, माझा नको खरा न्हाई, हे तुला तवाच ठाऊक हुतं?"

"व्हय."

"मग साहेबांना का न्हाई बोललास? नुसतं म्हणायचं हुतंस, पुन्हा इचारा त्याला."

धन्यकुमारने घास गिळला. "मलाबी पायजे हुतं रं," तो म्हणाला. "माझीबी नोकरी तेवढीच झाली. तुला दुसऱ्यांदा इचारलं असतं, तर मला कुणी पहिल्यांदाबी इचारलं नसतं."

मल्हारला राग यायला हवा होता. आलाही, पण टिकला नाही. त्याच्या जागी जे आलं ते दुःख होतं, आणि ते स्वतःसाठी की धन्यकुमारसाठी हे त्याला वेगळं काढता येईना. "मग परत कशाला दिलीस?"

"शपथेवर खोटं लिहवंना."

"आणि शपथेवर लिही, असं कुणी म्हणालंच नसतं तर?"

धन्यकुमारने खरोखर विचार केला. "ठाऊक न्हाई," तो म्हणाला.

दोघे जेवत राहिले. बाहेर कुणाची तरी गाय हंबरत होती. मल्हारची भाकरी संपली. डब्यात एक उरली होती, ती धन्यकुमारने उचलली. "घे."

"नको," मल्हार म्हणाला आणि हात ताटलीवर आडवा धरला.

धन्यकुमारने त्याच्याकडे बघितलं. मग "बरं" म्हणाला, भाकरी फडक्यात गुंडाळून परत डब्यात ठेवली, झाकण लावलं आणि हात धुवायला बाहेर गेला.

मल्हारला अजून भूक होती. ताटलीवरचा हात त्याने बराच वेळ तसाच आडवा ठेवला.